मुशेगच्या घराची राख

राख करणं हे माझं काम. चेष्टा नाही. तीस वर्षं मी सिनेमाचे सेट उभारते, आणि त्यातली शेवटची नऊ प्रौढांच्या सिनेमांसाठी. लोक त्यांना नाक मुरडून ‘ब्लू फिल्म’ म्हणतात आणि दार लावून बघतात. मोठ्या स्टुडिओंतलं काम आटलं तेव्हा मी चॅट्सवर्थच्या, असले सिनेमे जिथे निघतात त्या गोदामांत आले. लाकूड तेच, रंग तेच, खिळे तेच. फरक एवढाच की इथे सेटला माणसाची उघडी कातडी लागते. म्हणून मी एकही फळी पॉलिशपेपर मारल्याशिवाय सोडत नाही. माझ्या सेटवर आजवर कुणाच्या पाठीत लाकडाचं कुसळ गेलेलं नाही. याचा मला अभिमान होता. अजून आहे, पण आता त्याच्याशेजारी राग बसलेला असतो.

गेल्या वर्षी कोरी लिंडक्विस्टने जगाच्या शेवटाचा सिनेमा काढला. कोरी म्हणजे दिग्दर्शकही तोच, निर्माताही तोच. गोष्ट अशी की सगळं जळून गेलंय, उरलेल्या शहरावर एका समितीचं राज्य आहे, आणि समितीच्या शिक्क्याशिवाय कुणी कुणाला हात लावायचा नाही. शेवटी एक बाई आणि एक पुरुष पळून जातात आणि जळलेल्या शहरात, राखेत, एकमेकांना भेटतात.

“लोकांना आता नुसते पलंग आणि उशा नकोत, नोएमी,” तो मला म्हणाला. “भीती पाहिजे. भिंतींना गंज पाहिजे.”

मला काम आवडलं. खोटं कशाला बोलू? शिक्के मारायची कचेरी मी जुन्या न्हाणीघरांच्या दारांतून उभी केली. भिंतीवरचे पाळत ठेवणारे डोळे केले ते शॉवरच्या तोट्यांचे. लोखंडाचा कीस आणि व्हिनेगर मारून असा गंज आणला की डेमियनने, म्हणजे त्यातल्या नायकाने, हात लावायच्या आधी विचारलं, “धनुर्वाताचं इंजेक्शन घेऊन येऊ का?”

राखेला मात्र मला तीन दिवस लागले. मक्याचं पीठ, ओटचं पीठ, करड्या टिश्यू कागदाचा चुरा, चेहऱ्याला लावतात ती माती, आणि रंगाला खायला चालतो तो कोळसा. आधी माझ्या कोपरात, मग डोळ्याखाली लावून दिवसभर फिरले. लुअॅन आली तेव्हा तिच्यासमोर चमचाभर खाल्ली.

लुअॅन प्रुइट ही नायिका. पडद्यावर तिचं नाव वेगळं आहे, ते मी इथे घेत नाही. चौतीस वर्षांची, बेकर्सफिल्डकडची, बारा वर्षं या धंद्यात. ती कुणावर पटकन विश्वास ठेवत नाही. तिनेही बोट बुडवून चाखून पाहिलं.

“मीठ कमी आहे,” ती म्हणाली.

“पण तोंडात गेली तर चालेल.”

“डोळ्यांत?”

“डोळ्यांतही. मी बघितलंय.”

“तू म्हणतेस ना? मग झालं.”

आता खऱ्या राखेबद्दल सांगायला हवं. त्याच्या पाच महिने आधी आमचं आल्मेंद्रो कॅन्यन जळालं होतं. वारा दोन दिवस थांबला नाही, आणि टेकडीवरून आग अशी खाली आली की लोक गाड्या रस्त्यात टाकून पळाले. माझं घर वाचलं. का वाचलं ते देव जाणे. चार घरं पलीकडचं डॉन मुशेगचं घर गेलं, आणि घरासोबत तोही.

तो आर्मेनियन, मी एल साल्वादोरची. पण आमच्याकडे म्हाताऱ्या माणसाला मानाने डॉन म्हणतात, म्हणून मी त्याला डॉन म्हणायचे आणि तो मला पोरी म्हणायचा. एक्याऐंशी वर्षांचा होता. चाळीस वर्षं ग्लेनडेलला जोडे दुरुस्त केले, आणि दुकान बंद केल्यावरही कामाची हत्यारं घरी आणून ठेवली. माझे कामाचे बूट तोच शिवायचा. जोडे ठोकायच्या लोखंडी पायावर बूट पालथा घालून ठोकता ठोकता मला ओरडायचा, “बूट वापरतेस की चावतेस?” मागे त्याची कबुतरं होती. आगीच्या दिवशी त्याची मुलगी आनुश त्याला गाडीत बसवून निघाली होती. वळणावर तो म्हणाला, “खुराड्याचं दार उघडून येतो.” तो उतरला, आणि परत आला नाही. पोलिसांनी आनुशला मागे जाऊ दिलं नाही.

नंतर माणसं आली, त्यांनी चाळणीने राख चाळली, आणि जे सापडलं ते एका लहानशा पेटीत घालून तिला दिलं. “बाकीचे बाबा तिथेच आहेत,” ती मला म्हणाली. “घरात मिसळून गेलेत.” तिने त्या जागेला पिवळी दोरी बांधली आणि पाटी लावली, ‘हात लावू नका.’ आमच्या गल्लीची साफसफाई सप्टेंबरात व्हायची होती. त्याच्या आत पाद्री येऊन प्रार्थना म्हणणार होते.

शेवटच्या प्रसंगाच्या आदल्या दिवशी कोरीने माझी राख दिव्यांखाली पाहिली आणि तोंड वाकडं केलं.

“पीठ वाटतंय. माणसं केकवर झोपल्यासारखी दिसतील.”

“थोडा कोळसा वाढवते. उद्या दुपारपर्यंत वेळ आहे ना?”

“खरी आणली तर?”

“कुठली खरी?”

“अशीच. राखेला काय तोटा आहे सध्या?”

“उघड्या अंगाला खरी राख लागणार नाही, कोरी. माझ्या सेटवर नाही.”

“बरं बाई, बरं,” तो म्हणाला, आणि हात वर केले. मी त्यावर विश्वास ठेवला. दुसऱ्या दिवशी पहाटेच कोळसा आणायला लांबच्या बाजारात गेले. शूटिंग दुपारी दोनचं होतं.

अकराला परत आले तर बाहेर शूटिंग चालू असल्याचा लाल दिवा लागलेला. त्याने वेळ अलीकडे ओढली होती, आणि मला कळवलं नव्हतं. दार ढकललं आणि पहिल्यांदा आला तो वास. ओल्या कोळशात जळक्या तारा मिसळल्यासारखा. तो वास पाच महिने माझ्या पडद्यांत होता, उशीत होता, केसांत होता. तो कसला, हे मला कुणाला विचारावं लागलं नाही.

सेटभर घोटाभर राख होती, काळी-पांढरी, ढेकळांची. माझी नव्हती. मधोमध लुअॅन आणि डेमियन. मी दिव्यांसमोरून सरळ आत चालत गेले.

“कट,” कोरी वैतागून म्हणाला. “तू कॅमेऱ्यात आली आहेस.”

“ही राख कुठली?”

“दोन मिनिटं थांबता आलं नसतं?”

“कुठली, कोरी?”

“खरी आहे,” तो म्हणाला. आवाजात चक्क कौतुक होतं. “बघ ना तिच्यावर उजेड कसा पडतो. हे तुझ्या पिठाला कधी जमलं असतं?”

लुअॅन उठून बसली. ओठांवर, पापण्यांवर, दातांवर राख. “खरी म्हणजे? मी सकाळी विचारलं ना तुला, आज वास वेगळा का येतोय? तू म्हणालास, नोएमीने नवी बनवली.”

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली ती तेव्हा. राख आणली हे एक झालं. ती माझ्या नावावर तिच्या तोंडात घातली, हे दुसरं. तिने विचारलं होतं. शहाण्या बाईसारखं विचारलं होतं, आणि माझं नाव ऐकून गप्प राहिली होती.

“मी बनवलेली नाही,” मी तिला म्हटलं. “ऊठ. तोंडाने श्वास घेऊ नकोस. डेमियन, तूही. ही जळक्या घरांची राख आहे. यात शिसं असतं, जुन्या छपरांचं अॅस्बेस्टॉस असतं, बॅटऱ्या, रंग, काय वाटेल ते. आम्हाला आमच्याच अंगणात जायला डोक्यापासून पायापर्यंत पांढरे झगे आणि मास्क दिले होते.”

“दोन तास,” डेमियन म्हणाला. “दोन तास आहोत आम्ही यात.”

“अतिशयोक्ती करू नका,” कोरी म्हणाला. “राख ती राख. आमचे आजोबा तिने दात घासायचे.”

“मग घास तू,” लुअॅन म्हणाली, आणि मूठभर राख उचलून त्याच्यापुढे धरली. “घे. घास.”

तो एक पाऊल मागे सरला. तिने ते पाहिलं, आम्ही सगळ्यांनी पाहिलं.

तेवढ्यात माझं लक्ष सेटच्या कोपऱ्याकडे गेलं. तिथे कुणीतरी शोभेला वस्तू मांडल्या होत्या. वितळलेली काच, वाकलेला नळ, डाळिंबाचं चित्र असलेले निळ्या फरशीचे दोन तुकडे. आणि लोखंडी पाय. एका अंगाला मोठं पाऊल, दुसऱ्याला लहान मुलाचं, तिसऱ्याला टाच. मोठ्या पावलाचा अंगठा उडालेला. तो पाय मी शंभरदा पाहिला होता, माझ्या बुटाच्या आत. आणि ती डाळिंबं मुशेगच्या बायकोने रंगवली होती, त्यांच्या स्वयंपाकघरासाठी.

मी तिथेच राखेत बसले, आणि कशात बसले ते कळल्यावर तशीच उठले.

“हे कुणी आणलं?”

“ड्वेनने,” कोरी म्हणाला. ड्वेन म्हणजे कॅन्यनमधला मलबा उचलणाऱ्या ठेकेदाराचा माणूस. “एक ट्रक आणला त्याने. रस्त्यालगतचं एक घर होतं म्हणे. कचराच होता, नोएमी. तसाही फेकणार होते.”

“तिथे दोरी होती. पाटी होती.”

“मला काय माहीत?”

“तिथे माणूस मेलाय. तो पुरता सापडलेला नाही. तो यात आहे.”

कॅमेरावाल्याने कॅमेरा खाली ठेवला. लुअॅनने स्वतःच्या हातांकडे पाहिलं, मग हात अंगापासून लांब धरले, जणू ते दुसऱ्या कुणाचे आहेत. कोरीसुद्धा पांढरा पडला. हे मी मान्य करते. पण किती वेळ? मिनिटभर. मग तो खुर्चीवर बसला, हनुवटी चोळली, आणि हळूच म्हणाला, “पण विचार कर. खऱ्या आगीची खरी राख. हे आजवर कुणी केलंय?”

मी आयुष्यात कुणावर हात उचललेला नाही. त्या दिवशीही उचलला नाही. मी मेन स्विच पाडला आणि गोदामाचं मोठं शटर वर ढकललं. बाहेरचं लख्ख ऊन आत आलं. त्या उजेडात त्याचं जळलेलं शहर पुठ्ठ्याचं दिसायला लागलं. राख तेवढी खरी होती.

मागच्या अंगणात पाण्याची नळी होती. आधी लुअॅनला धुतलं, मग डेमियनला. पाणी गार होतं, आणि ती दात वाजवत शिव्या देत होती, कोरीला, ड्वेनला, आणि मलाही.

“तू म्हणालीस तोंडात गेली तर चालेल.”

“ती ही नव्हती, लुअॅन.”

“ती ही नव्हती, हे मला कोण सांगणार होतं? तू इथे असायला हवी होतीस.”

‘अशीच. राखेला काय तोटा आहे सध्या?’ हे त्याने म्हटलं होतं आणि मी ऐकलं होतं. तरी मी गेले. कोळसा कुणीही आणला असता.

डेमियन दवाखान्यात गेला. लुअॅनला मी म्हटलं तूही जा, तर म्हणाली, “जाते. आधी त्या माणसाला जमिनीवरून उचलू.” माझा जास्तीचा झगा आणि मास्क घालून ती माझ्याबरोबर उभी राहिली. राखेवर पाणी शिंपडून, उडू न देता, आम्ही ती फावड्याने गोळा केली. अकरा पिंपं भरली. कोरी फोन कानाला लावून फेऱ्या मारत होता.

“वकिलाशी बोलतोय मी. हा सेट माझा आहे.”

“सेट तुझाच,” लुअॅन म्हणाली. “हा म्हातारा तुझा नाही.”

आनुशला सांगायला मी एकटी जाणार होते. लुअॅन दवाखान्यातून थेट आली, केस ओले, डोळे सुजलेले, आणि गाडीत बसली. आनुश औषधांच्या दुकानात काम करते, आग लागल्यापासून ग्लेनडेलला भाड्याने राहते. तिने कॉफी केली, घट्ट, लहान कपांत. मी बोलले. काही न लपवता सगळं बोलले.

“कसला सिनेमा?” तिने मध्येच विचारलं.

माझ्याआधी लुअॅन म्हणाली, “तुम्हाला वाटतोय तसलाच. त्यात मी होते. माफी मागायला आलेय.”

आनुशने समोरचा कप उचलला. मला वाटलं, आता कप फेकून मारेल.

“बाबा डॉक्टरसमोरसुद्धा सदरा काढायचे नाहीत,” ती म्हणाली. मग तिचा चेहरा असा काही वाकडा झाला की ती हसतेय की रडतेय ते कळेना. “तुझे डोळे कुणी बघितले?”

“दवाखान्यात थेंब दिलेत.”

“कुठले? दाखव.” तिने बाटली घेऊन वाचली, आत गेली, आणि दुसरी बाटली आणली. “हे दिवसातून चार वेळा. आणि तू माफी कशाला मागतेस? ती राख तुला विचारून घातली का त्यात?” मग ती माझ्याकडे वळली. “तुझं काय, नोएमी? तू तिथे रोज असतेस ना? चार घरांवर राहतेस. तो ट्रक गल्लीत उभा होता तेव्हा तू कुठे होतीस?”

“कोळसा आणायला गेले होते.”

“कोळसा,” ती म्हणाली. एवढंच. तिने त्यानंतर दोन महिने माझा फोन उचलला नाही.

तक्रार आनुशने धरून आम्ही तिघींनीही केली, वेगवेगळी. कामगारांच्या सुरक्षेच्या ज्या कचेरीत मी आणि लुअॅन गेलो तिथल्या माणसाने अर्ज वाचला, सिनेमाचा प्रकार वाचला, आणि ओठ दाबून हसू आवरलं. “म्हणजे तुम्ही, अं, कामाच्या जागी, कपडे न घालता...”

“हो,” लुअॅन म्हणाली. “वेल्डरला ठिणगी लागते तेव्हा विचारता का, ठिणग्यांच्या धंद्यात गेलातच कशाला?”

त्याने मान खाली घालून लिहून घेतलं. त्यातून जे निघालं ते एवढंच: ड्वेनला कामावरून काढलं, ठेकेदाराला ताकीद मिळाली, आणि कोरीच्या गोदामाला एक नोटीस, जी त्याने चौकट करून भिंतीवर लावली, असं म्हणतात. लुअॅनचा खोकला सात आठवडे टिकला. त्यापुढचं डॉक्टरांनाही माहीत नाही. अॅस्बेस्टॉस असेल तर ते वीस वर्षांनीही उगवतं, म्हणाले. वीस वर्षं वाट बघायची, दुसरं काय?

आणि ती पिंपं. आनुशला ती वडिलांच्या पेटीशेजारी पुरायची होती. पण नियमाने ती राख विषारी कचरा ठरली होती, स्मशानात नेता येत नव्हती. शेवटी जळलेल्या जागेवरच अकरा पिंपं ओळीने ठेवली, पाद्र्यांनी मास्क लावून प्रार्थना म्हटली, धूप फिरवला, आणि पाठोपाठ धोक्याच्या पिवळ्या पाट्यांचा ट्रक येऊन ती घेऊन गेला. मला आनुशच्या मावशीने बोलावलं होतं. लुअॅनला आनुशने स्वतः. ट्रक वळणापलीकडे जाईपर्यंत आनुश रस्त्यात उभी होती, आणि तिच्या मुठी उघडल्या नाहीत.

सिनेमा निघाला. त्या दोन तासांतलं काहीही वापरू नकोस म्हणून लुअॅनने लिहून मागितलं होतं. करारात तसं कुठे नव्हतं, म्हणून त्याने वापरलं. खोकल्याची पहिली ढास लागते तीसुद्धा ठेवली. बघणाऱ्याला ते कण्हणं वाटतं.

मग धंद्याच्या वार्षिक बक्षिसांची यादी आली. उत्कृष्ट सेट, नोएमी बारिएंतोस. मी कळवलं, माझं नाव काढा, ती राख माझी नाही, आणि का नाही ते या कागदावर लिहिलंय, तेवढा कागद स्टेजवर वाचा. त्यांनी नाव काढलं. कागद वाचला नाही. बक्षीस कोरीच्या नावावर गेलं. समारंभात तो म्हणाला म्हणे, की खऱ्यासाठी किंमत मोजावी लागते. कुणी मोजली, ते त्याला कुणी विचारलं नाही. टाळ्या झाल्या.

मी काम सोडलं नाही. मी सोडलं असतं तर माझ्या जागी पॉलिशपेपर न मारणारा कुणीतरी आला असता. मात्र आता करारात माझी एक ओळ असते: सेटवर कलाकार असेपर्यंत मी सेटवर असेन, आणि माझ्याशिवाय जमिनीवर काहीही पसरायचं नाही. दोघांनी त्या ओळीपायी मला काम दिलं नाही. लुअॅन दुसऱ्या कंपनीत गेली, तिने तीच ओळ स्वतःच्या करारात घातली, आणि मग आणखी सात-आठ जणींनी.

परवा लाकडाच्या वखारीत प्लायवूड निवडत होते, तर शेजारी कोरी.

“वर्ष झालं, नोएमी,” तो म्हणाला. “अजून राग आहे?”

“आहे.”

त्याला वाटलं मी पुढे काही बोलेन. मी वरचा तक्ता उचलला, कड बोटाने तपासली, कड फुटली होती. तो बाजूला ठेवून खालचा घेतला.